‘शुल्क शून्य’ आणि दोन वह्या

आमच्या मोहल्ल्यात जुम्याच्या नमाजनंतर मशिदीबाहेर सलाम-दुआ झाली की पुढचा प्रश्न ठरलेला असतो : “रेट काय चाललाय?” विचारणाऱ्याचा मुलगा शारजात असतो, सांगणाऱ्याचा जावई कुवेतला. रत्नागिरीत पाऊस, मासळी आणि हापूस यांच्या जोडीने ज्याची रोज चौकशी होते, तो चौथा विषय म्हणजे दिरहॅम-रियालचा भाव. लहानपणी मला वाटायचं, रेट म्हणजे अजानच्या वेळेसारखा काहीतरी असणार. कुणीतरी ठरवतो, जाहीर होतो, आणि मग सगळ्यांना सारखाच लागू होतो.

तसं नसतं, हे मला कळलं ते थेट तो आकडा तयार करणारा प्रोग्राम लिहायला बसल्यावर.

मी सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे. काही वर्षं पुण्यातल्या एका कंपनीत परदेशातून पैसे पाठवण्याच्या ॲपवर काम केलं. कंपनीचं नाव इथे महत्त्वाचं नाही, कारण पद्धत थोड्याफार फरकाने सगळीकडे तीच आहे. बँका एकमेकींशी ज्या भावाने चलनाची खरेदी-विक्री करतात, तो बाजारभाव दर काही सेकंदांनी आमच्याकडे यायचा. त्यातून एक ठरावीक टक्का वजा व्हायचा आणि उरलेला भाव पडद्यावर मोठ्या हिरव्या अक्षरांत दिसायचा. त्याखाली लिहिलेलं असायचं : ‘शुल्क शून्य’. तो टक्का एका तक्त्यात ठेवलेला असे. दुबईहून येणाऱ्या पैशाला वेगळा, लंडनहून येणाऱ्याला वेगळा. शनिवार-रविवारी बाजार बंद, म्हणून जरा जास्त. नव्या ग्राहकाला पहिल्या वेळी जवळजवळ काहीच नाही, म्हणजे तो खूश होऊन चार मित्रांना सांगेल. दुसऱ्या-तिसऱ्या वेळेपासून नेहमीचा.

ती वजाबाकी करणारी ओळ मी लिहिली आहे. प्रोग्राम नीट चालतो का हे तपासायला एखादी रक्कम घालून बघावी लागते. मी फार विचार न करता १,५०० घातले. माझे अब्बा दुबईहून महिन्याला तेवढेच दिरहॅम पाठवायचे.

अब्बा २२ वर्षं तिथे एसी दुरुस्तीचं काम करत होते. त्यांच्याकडे एक वही होती : तारीख, किती दिरहॅम पाठवले, पाठवणावळ किती लागली. अम्मीकडे इथे दुसरी वही होती : तारीख, किती रुपये आले, मग वाणी, शाळेची फी, दादीची औषधं. दोन्ही वह्या आजही घरात आहेत. त्या रमजानमध्ये घरी आलो तेव्हा एका रात्री मी त्या शेजारी शेजारी ठेवल्या आणि २०१२ या एका वर्षाचा ताळा केला. त्या त्या दिवसाचा डॉलरचा भाव मिळतो, आणि त्यावरून दिरहॅमचा निघतो. एका दिरहॅममागे साधारण वीस पैसे कमी आले होते. पाठवणावळ वेगळी. वर्षाचे मिळून सहा हजारांच्या वर गेले. त्या वर्षी मी इंजिनिअरिंगच्या शेवटच्या टप्प्यात होतो, आणि ही रक्कम माझ्या खानावळीच्या जवळपास चार महिन्यांच्या बिलाएवढी होती.

अब्बांना सांगितलं तर ते हसले. “अरे, फुकट कोण पोचवतो? तेवढं घेणारच.” अम्मी मात्र गप्प बसली आणि मग म्हणाली, “मला फक्त आलेला आकडा कळायचा. तिकडून निघाले किती, हे मी कधी विचारलंच नाही. आणि कुणी सांगितलंही नाही.”

अब्बांचं म्हणणं खरं आहे. काउंटर उघडा ठेवायला, माणसं नेमायला, सरकारी नियम पाळायला खर्च येतो. तो घेण्याला माझा आक्षेप नाही, आणि मी त्याला चोरीही म्हणत नाही. माझा आक्षेप ‘शून्य’ या शब्दाला आहे. जे घेतलं ते भावात घातलं, आणि पाटीवर लिहिलं की काही घेतलं नाही. अम्मीच्या बोलण्यात मला त्याहून मोठी गोष्ट दिसते. आमच्या घरांत कमावणाऱ्याला एक आकडा माहीत असतो, घर चालवणारीला दुसरा. मधल्या फरकाचा हिशोब कुणाकडेच नसतो.

हा प्रश्न आमच्या आजोबांच्या पिढीपुढे नव्हता. तेव्हा कुवेत, बहारीन, कतार, दुबई इथे भारतीय रुपयाच चालायचा, त्यामुळे बदलायचा प्रश्नच नव्हता. पण त्या वाटेने सोन्याची चोरटी आयात होऊ लागली आणि त्याचा भार भारताच्या परकीय गंगाजळीवर पडू लागला. म्हणून १९५९ मध्ये रिझर्व्ह बँकेने आखातासाठी वेगळ्या रंगाच्या, वेगळ्या नोटा काढल्या. हाजींसाठीही दहा आणि शंभर रुपयांच्या खास नोटा निघाल्या; जुन्या नोटा जमवणारे त्यांना आजही ‘हज नोट’ म्हणतात. १९६१ मध्ये कुवेतने स्वतःचा दिनार आणला, १९६५ मध्ये बहारीनने. ६ जून १९६६ रोजी भारताने रुपयाचं अवमूल्यन केलं आणि ४.७६ रुपयांचा डॉलर एका दिवसात ७.५० झाला. त्याच वर्षी कतार आणि दुबईनेही रुपया सोडला. ओमानमध्ये तो १९७० पर्यंत टिकला. तिथून पुढे आखातात गेलेल्या प्रत्येक कोकणी माणसाच्या घामाला ‘रेट’ चिकटला.

हा रेट समजून घेताना एक साधी गोष्ट विसरली जाते. अमिरातीचा दिरहॅम १९९७ पासून डॉलरला ३.६७२५ या भावाने बांधलेला आहे आणि सौदी रियाल १९८६ पासून ३.७५ ने. ते जागचे हलत नाहीत. त्यामुळे मशिदीबाहेर कुणी खुशीत “दुबईचा रेट वाढला” म्हणतो, तेव्हा खरं तर रुपया घसरलेला असतो. त्याच रुपयात अम्मीला गॅसचा सिलिंडर आणि खाण्याचं तेल घ्यायचं असतं, आणि या दोन्ही गोष्टी मोठ्या प्रमाणात बाहेरून येतात. भाव वाढण्याची वाट बघत दोन-दोन महिने पैसे रोखून धरणारे आणि इथे घरच्यांना उधारीवर ठेवणारे मी पाहिले आहेत. वर जाणाऱ्या-खाली येणाऱ्या भावावर आपला ताबा नाही. बाजारभाव आणि आपल्याला मिळालेला भाव यांतल्या फरकावर मात्र थोडा आहे, आणि नेमकं तिकडेच आपण बघत नाही.

हा पैसा किरकोळ नाही. रिझर्व्ह बँकेच्या आकडेवारीनुसार २०२३-२४ मध्ये परदेशातल्या भारतीयांनी ११८.७ अब्ज डॉलर मायदेशी पाठवले. त्यातला सर्वांत मोठा वाटा, २०.५ टक्के, महाराष्ट्रात आला, केरळमध्ये १९.७ टक्के. त्यातला पुष्कळसा मुंबईतल्या खात्यांत येत असेल. पण रत्नागिरीच्या राजिवड्यापासून खेड-दापोलीपर्यंतच्या गावांतली पक्की घरं कुणाच्या पैशावर उभी राहिली, हे सांगायला आकडेवारी लागत नाही. २०३० पर्यंत पैसे पाठवण्याचा खर्च तीन टक्क्यांच्या आत आणायचं उद्दिष्ट संयुक्त राष्ट्रांनी ठेवलं आहे. जागतिक बँकेच्या पाहणीत जगाची सरासरी अजून सहा टक्क्यांच्या वर आहे. आखात ते भारत हा मार्ग त्यापेक्षा स्वस्त पडतो, हे खरं. पण महिना दोन हजार दिरहॅम कमावणाऱ्यासाठी एक टक्काही वर्षाला पाच-साडेपाच हजार रुपये होतो.

मग करायचं काय? एकच प्रश्न विचारायचा : “मी इतके दिरहॅम दिले, तर घरी हातात किती रुपये पडतील?” भाव किती, शुल्क किती, हे नंतर. एक उदाहरण घेऊ. समजा बाजारात दिरहॅम २३ रुपयांना आहे. पहिला म्हणतो, शुल्क शून्य, भाव २२.६५. दुसरा म्हणतो, शुल्क १५ दिरहॅम, भाव २२.९५. दोन हजार दिरहॅम पाठवायचे असतील, तर पहिल्याकडून घरी ४५,३०० रुपये येतात आणि पंधरा दिरहॅम कापणाऱ्या दुसऱ्याकडून ४५,५५५. पण पाचशेच पाठवायचे असतील, तर पहिल्याकडून ११,३२५ येतात आणि दुसऱ्याकडून ११,१३०. म्हणजे कोण स्वस्त हे पाटीवरून ठरत नाही, आपल्या रकमेवरून ठरतं. त्याच दिवशी, त्याच वेळी, दोन-तीन ठिकाणी हा एक प्रश्न विचारायला दहा मिनिटं लागतात. आणि पहिल्या वेळी खूप चांगला भाव देणाऱ्या ॲपला तिसऱ्या वेळीही तोच प्रश्न विचारा. का, ते वर सांगितलंच आहे.

इथे हुंडीवाल्याचं नाव निघणार, हे मला माहीत आहे. “तो बँकेपेक्षा जास्त देतो आणि संध्याकाळी घरपोच करतो.” देतो, हे नाकारण्यात अर्थ नाही. ज्याचा इकामा अडकला आहे, ज्याचं तिथे बँक खातं नाही, त्याला दुसरा रस्ता सापडत नाही, हेही खरं. पण २००० पासून लागू असलेल्या फेमा कायद्यात या व्यवहाराला रकमेच्या तिप्पट दंड होऊ शकतो. त्याहून जवळचा धोका आता वेगळाच आहे. पूर्वी हुंडीचा माणूस नोटांची गड्डी आणून द्यायचा. आता तो कुठल्यातरी अनोळखी खात्यातून यूपीआयने पैसे टाकतो. ते खातं कुणाचं, त्यात पैसे कुठून आले, तुम्हाला माहीत नसतं. ते सायबर फसवणुकीतले निघाले तर त्या पैशांचा माग काढत पोलीस तुमच्या खात्यापर्यंत येतात आणि खातं गोठतं. माझ्या माहितीतल्या एका घरात लग्नाच्या तोंडावर हेच झालं. खातं सुनेच्या नावावर होतं. पैसे आपलेच, नवऱ्याच्या कष्टाचे, हे सिद्ध करायला तिच्याकडे एकही कागद नव्हता. दिरहॅममागे वाचवलेल्या दहा-वीस पैशांची किंमत त्या मुलीने महिनोन्‌महिने पोलीस ठाण्याच्या आणि बँकेच्या पायऱ्या चढून चुकवली. जमीन घेताना, घराचं कर्ज काढताना, मुलाला बाहेर शिकायला पाठवताना पैसा कुठून आला हे दाखवावं लागतं. बँकेतून आलेल्या पैशाला पावती असते.

आता उलटा प्रवास बघू, म्हणजे रुपये देऊन रियाल घेणं. २०२२ पर्यंत हज कमिटी हाजीने भरलेल्या रकमेतूनच २,१०० रियाल त्याच्या हातात द्यायची. २०२३ पासून ही सक्ती गेली. लागतील तेवढे रियाल हाजीने स्वतः घ्यायचे. हे स्वातंत्र्य चांगलंच आहे. पण त्याबरोबर निर्णयही हाजीच्या अंगावर आला. २०१८ पासून बायका मेहरमशिवाय गटाने हजला जाऊ लागल्या आहेत. साठीची एखादी खाला आयुष्यात पहिल्यांदा स्वतः चलन बदलायला काउंटरपुढे उभी राहते, तेव्हा तिच्या शेजारी कोण असतं? आपल्या हज प्रशिक्षण शिबिरांत एहराम कसा बांधायचा हे शिकवतात, अरफातला काय करायचं हे शिकवतात. या शिबिरांत अर्धा तास चलनालाही द्यावा, अशी माझी जमातींना विनंती आहे.

त्या अर्ध्या तासात सांगायच्या गोष्टी फार नाहीत. चलन बदलण्याचा परवाना असलेल्या ठिकाणीच जायचं आणि पावती घ्यायची. पन्नास हजार किंवा त्याहून जास्त रुपये द्यायचे असतील तर ते रोख चालत नाहीत, बँकेतूनच द्यावे लागतात. चलन बदलण्यावर जीएसटी लागतो, पण तो पूर्ण रकमेवर नाही : लाखापर्यंतच्या रकमेचा एक टक्का धरून त्यावर अठरा टक्के. म्हणजे पन्नास हजारांवर नव्वद रुपये. कुणी त्याहून जास्त सांगितला तर हिशोब मागायचा. परतताना उरलेले रियाल विकले की दुसऱ्यांदा तोटा होतो, म्हणून अंदाजाने, बेताचेच घ्यायचे. मक्का-मदिनेत कार्ड वापरताना मशीन विचारतं, पैसे रुपयांत कापू की रियालमध्ये? रुपया दिसला की आपल्याला आपलं माणूस भेटल्यासारखं वाटतं आणि बोट तिकडे जातं. रियालच दाबायचं. रुपया दाबला की भाव ते मशीनवाले ठरवतात, आणि तो आपल्या बाजूने ठरवत नाहीत.

उमऱ्याच्या पॅकेजवर एजंट टीसीएस घेतो, त्याबद्दलही गैरसमज आहे. तो गेलेला पैसा नव्हे. ज्याच्या पॅनवर तो जमा झाला, त्याने आयकराचं विवरणपत्र भरलं की तो करात वळता होतो किंवा परत मिळतो. पण आमच्या आईवडिलांची विवरणपत्रं भरतो कोण? “उत्पन्नच नाही तर कशाला भरायचं” म्हणून आपण आपलेच पैसे सरकारकडे सोडून देतो. मोहल्ल्यात शिकलेली पोरं कमी नाहीत. शुक्रवारी तासभर बसून दहा वडीलधाऱ्यांची विवरणपत्रं भरून देणं आपल्याला सहज जमेल.

हे सगळं माणसानेच शिकावं, विकणाऱ्याने काहीच करू नये, असं मात्र नाही. अमेरिकेत २०१३ पासून नियम आहे : पैसे बाहेर पाठवणाऱ्याला, व्यवहार पूर्ण होण्याआधी, समोरच्याच्या हातात नेमकी किती रक्कम पडेल हे सांगावं लागतं. युरोपीय संघात २०२० पासून कार्डावर चलन बदलताना, युरोपीय मध्यवर्ती बँकेच्या भावापेक्षा तुम्ही किती टक्के जास्त घेता, हे लिहावं लागतं. अशी एक ओळ आपल्याकडच्या प्रत्येक पावतीवर आणि प्रत्येक ॲपवर मोठ्या अक्षरांत, मराठीत हवी : बाजारभाव इतका, आमचा भाव इतका, फरक तुमच्या इतक्या रुपयांचा. ही ओळ दाखवायला प्रोग्राममध्ये किती बदल करावा लागेल, हे मी अनुभवाने सांगू शकतो. अर्ध्या दिवसाचं काम आहे. तो आकडा तिथे आधीच काढलेला असतो, फक्त तो ग्राहकाला दाखवला जात नाही.

काही जण म्हणतात, तंत्रज्ञानाने हे आपोआप सुटेल. २०२३ मध्ये आपलं यूपीआय सिंगापूरच्या पेनाऊशी जोडलं गेलं, आणि त्याच वर्षी अमिरातीच्या मध्यवर्ती बँकेशी तशाच जोडणीचा करार झाला. चांगली गोष्ट आहे. पण तंत्रज्ञान पैसे पोचवायचा वेळ आणि खर्च कमी करतं. दिरहॅमचे रुपये कुठल्या भावाने करायचे, हे तेव्हाही कुणीतरी ठरवणारच. तिथे प्रश्न विचारणारा माणूस लागतोच.

आमच्या फिक्हमध्ये चलनाच्या अदलाबदलीला ‘सर्फ’ म्हणतात आणि त्याची अट अशी की देणं-घेणं त्याच बैठकीत, समोरासमोर पूर्ण व्हावं. मी आलिम नाही, त्याचा बारकावा सांगणार नाही. पण देणाऱ्याने काय दिलं आणि घेणाऱ्याला काय मिळालं हे दोघांनाही एकाच वेळी उघड दिसावं, हा त्यातला शहाणपणा मला माझ्या कामातून पटला आहे. ती नोकरी मी पुढे सोडली. या कारणाने सोडली असं म्हणून मोठेपणा घेणार नाही. दुसरीकडे पगार जास्त होता. पण ती वजाबाकीची ओळ डोक्यातून गेली नाही, म्हणून हा लेख.

आता माझा धाकटा भाऊ दोह्यात आहे. अम्मीने नवी वही केली आहे आणि त्यात तीन रकाने आखले आहेत : निघाले किती, त्या दिवशीचा बाजारभाव, आले किती. मधला आकडा ती माझ्याकडून फोनवर घेते. मागच्या महिन्यात भावाने सांगितलं, “अम्मी, या वेळी नवीन ॲपवरून पाठवतोय, शुल्क शून्य आहे.” ती म्हणाली, “ते राहू दे. हातात किती पडणार ते सांग, आणि मग पाठव.”